सामाईक शेत आणि सामाईक थैली



या वेळी आम्ही उत्तरासाठी एका मातेचा प्रश्न घेतला आहे. तिचे घर खानापूर तालुक्यात, मलप्रभेच्या खोऱ्यात आहे. तिला दोन पुत्र व एक कन्या. थोरला पुत्र दुबईस नोकरीला, धाकटा पुण्यास, आणि कन्या विवाहानंतर मडगावास. दर शनिवारी रात्री ही तिन्ही भावंडे आपापल्या ठिकाणी संगणकासमोर बसतात व पडद्यावरचे एक शेत मिळून कसतात. इकडे घरचे भाताचे शेत वृद्ध पित्याच्या हातून पुरते होत नाही; त्याचा काही भाग दोन वर्षे पडीक आहे. माता विचारते, "फादर, हा खेळ खेळणे पाप आहे काय? आणि पाप नसेल, तर त्यात वेळ घालविणे शहाणपणाचे आहे काय?"

प्रश्नाच्या पहिल्या भागाचे उत्तर सोपे आहे. श्रमलेल्या मनाला निर्दोष विरंगुळा हवा असतो. खेळात प्रमाण राखणे हादेखील सद्गुणच होय, असे संत थॉमस अक्वायनस यांनी तेराव्या शतकातच शिकविले. दुसऱ्या भागाचे उत्तर देण्यापूर्वी हा खेळ मांडला कसा जातो हे पाहिले पाहिजे, कारण त्या मांडणीतच या मातेच्या चिंतेचे उत्तर दडलेले आहे.

या खेळाचे नाव 'स्टारड्यू व्हॅली'. एरिक बरोन या अमेरिकन तरुणाने तो सुमारे साडेचार वर्षे एकट्याने खपून तयार केला व २०१६ साली प्रसिद्ध केला. कथा साधी आहे. शहरातल्या कचेरीत कंटाळलेल्या नोकरदाराला आपल्या आजोबांचे पत्र सापडते. आजोबांनी गावाकडची जमीन त्याच्या नावे ठेवलेली असते. तो गावी येतो, रान माजलेले शेत साफ करतो, बी पेरतो, पाणी घालतो आणि गावकऱ्यांशी ओळख वाढवितो. आरंभी हा खेळ एकट्याचाच होता. अनेकांनी मिळून एकच शेत कसण्याची सोय २०१८ साली झाली.

अशा सामाईक शेताची उभारणी कशी होते ते सांगतो. ज्या घरांतील मुले हा खेळ मांडू इच्छितात, त्यांस याचा उपयोग होईल.

प्रथम यजमान ठरवावा लागतो. खेळाच्या पहिल्याच पानावर 'को-ऑप' असा पर्याय असतो. त्यातून यजमान नवे शेत उघडतो. ते शेत त्याच्याच संगणकात साठविले जाते, इतरांच्या नव्हे. म्हणून यजमान हजर असेल तेव्हाच शेताचे दार उघडते. तो मध्येच उठून गेला की सर्वांचे काम थांबते. सबब यजमान असा निवडावा की ज्याचे यंत्र बरे आहे, ज्याच्याकडची वीज व इंटरनेट भरवशाचे आहे, आणि जो दिल्या वेळी हजर राहतो. आमच्या तालुक्यात पावसाळ्यात वीज केव्हा जाईल याचा नेम नसतो. तेव्हा गावच्या भावाऐवजी शहरातल्या भावाने यजमान व्हावे, हे व्यवहाराला धरून होईल.

दुसरी गोष्ट म्हणजे प्रत्येकासाठी खोपटे. पाहुणा गडी म्हणून कोणालाही शेतावर येता येते, परंतु त्याच्यासाठी शेतात आधी स्वतंत्र खोपटे असावे लागते. नवे शेत उघडताना किती खोपटी हवीत ते विचारले जाते. जुन्याच शेतात इतरांना घ्यावयाचे असेल, तर गावच्या सुतारणीकडून ती बांधून घ्यावी लागतात. त्यास शंभर सोन्याची नाणी व थोडे दगड किंवा लाकूड एवढाच खर्च येतो. मग यजमानाला एक निमंत्रणाचा संकेत मिळतो. तो त्याने भावंडांना कळवावा व त्यांनी आपल्याकडे तो भरावा, म्हणजे ती शेतावर दाखल होतात. सर्वांकडे खेळाची एकच आवृत्ती असावी, नाहीतर दार उघडत नाही. एकाच घरात राहणाऱ्यांसाठी पडदा विभागून खेळण्याची सोयही २०२० सालापासून आहे.

तिसरी गोष्ट सर्वांत नाजूक आहे, ती म्हणजे थैली. पैसा सामाईक ठेवावयाचा की प्रत्येकाचा वेगळा, हे आरंभीच ठरवावे लागते. थैली सामाईक असली, तर एकाने कष्टाने पिकविलेल्या कोबीचे पैसे दुसरा क्षणात उधळू शकतो. ती वेगळी असली, तर बियाण्याचा खर्च कोणी करावा यावर घोळ होतो. पुढे विचार बदललाच, तर गावच्या प्रमुखाच्या घरी एक खातेवही असते. तेथे जाऊन थैली वेगळी करता येते किंवा पुन्हा एकत्र आणता येते. वेगळी करताना असलेली रक्कम सर्वांना समसमान वाटली जाते.

चौथी गोष्ट अधिकाराची. गोठा, कोंबड्यांचे खुराडे, कोठार या इमारती कोणी हलवाव्यात याची परवानगी यजमानाच्या हाती असते. ती तो सर्वांना देऊ शकतो, ज्याची इमारत त्यालाच देऊ शकतो, किंवा कोणालाच देणार नाही.

आणि पाचवी गोष्ट झोपेची. या खेळातला एक दिवस आपल्या सुमारे चौदा मिनिटांचा. एकटा खेळणारा आपली पिशवी उघडून पाहू लागला की घड्याळ थांबते. अनेकांच्या शेतावर ते एकासाठी थांबत नाही. तसेच एकट्याने अंथरुणावर पडून दिवस संपत नाही. सर्वजण निजले की तो संपतो, आणि तेव्हाच दिवसभराचे काम साठविले जाते. एकजण नदीवर मासे धरीत राहिला, तर बाकीच्यांस त्याची वाट पाहावी लागते. दुबईचे घड्याळ आपल्याहून दीड तास मागे चालते, हे ध्यानी घेऊन या मातेच्या मुलांनी बसण्याची व उठण्याची वेळ आधीच ठरविली असेल. नसेल, तर ठरवावी.

भाताचीच शेती पडद्यावर पाहावयाची असेल, तर स्वित्झर्लंडमधील एका कंपनीचा 'फार्मिंग सिम्युलेटर' हा दुसरा खेळ आहे. त्याच्या नोव्हेंबर २०२४ मध्ये निघालेल्या आवृत्तीत भातखाचरे व म्हशी आल्या आहेत. खाचरात पाणी भरून रोपे लावावी लागतात. तेथेही अनेकांना मिळून शेत कसता येते. यंत्र विकत घेणे, विकणे, मजूर लावणे, पैसे दुसऱ्यास देणे या प्रत्येक गोष्टीची परवानगी शेताचा कारभारी प्रत्येकाला वेगवेगळी देऊ शकतो. अर्थात तरवा टाकणे, चिखलणी करणे, वाकून रोप लावणे आणि पीक पोटरीला आले असता रात्री गव्यांचा कळप शेतात उतरणे, हे सारे ज्याने अंगावर काढले आहे, त्याला पडद्यावरचे भात फार सोपे वाटेल.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. वर सांगितलेल्या पाच गोष्टी ही मुले खेळासाठी निमूटपणे ठरवितात. यजमान कोण, प्रत्येकाची जागा कोणती, पैसा कोणाचा, अधिकार कोणाचा, वेळ कोणती, हे ठरल्याखेरीज शेताचे दारच उघडत नाही. परंतु घरच्या खऱ्या शेताबाबत यांपैकी एकही गोष्ट ठरलेली नसते, आणि म्हणूनच ते पडीक राहते. थोरल्याला वाटते की पैसे मी पाठवितो, म्हणून शब्द माझा. धाकट्याला वाटते की मी जवळ आहे, धावपळ मला पडते. कन्येला कोणी विचारीतच नाही. पिता काही बोलत नाही, कारण बोलल्याने वाद होईल अशी त्याला भीती वाटते. आणि त्याच्या मृत्यूनंतर हीच भावंडे उताऱ्यावरील नावांसाठी एकमेकांविरुद्ध उभी राहतात. अशी घरे आमच्या तालुक्यात थोडी नाहीत.

मिळून शेती करणे आपल्या लोकांना नवे नाही. पैरा आणि इर्जिक या चाली आपल्या वाडवडिलांनी चालविल्या. आज तुझ्या शेतात माझे बैल, उद्या माझ्या शेतात तुझे, असा तो हिशेब. गोव्याच्या गावकरीत सामाईक शेतांच्या उत्पन्नातून आधी बांधबंदिस्तीचा खर्च निघे व मग उरलेले गावकऱ्यांत वाटले जाई. आमच्या पूर्वेला गदगजवळील कणगिनहाळ येथे सिद्धनगौडा पाटील यांनी १९०५ साली शेतकऱ्यांची सहकारी पतसंस्था काढली. ती देशातील अशा प्रकारची पहिली मानली जाते. वसईस मॉन्सिन्योर पी. जे. मोनीस यांनी १९१८ साली कॅथलिक सहकारी पेढी उभारली, ती आज मोठी बँक झाली आहे. परमगुरू तेविसावे योहान यांनीही १९६१ सालच्या आपल्या परिपत्रात शेतकऱ्यांना सहकारी संस्था उभारण्याचा आग्रह केला. या साऱ्यांच्या मुळाशी एकच गोष्ट दिसते: प्रेम असले तरी नियम लिहून ठेवावा लागतो, आणि हिशेब सर्वांसमोर मांडावा लागतो.

पवित्र शास्त्र याविषयी स्पष्ट बोलते. अब्राहाम व लोट यांची खिल्लारे एका भूमीत मावेनात, तेव्हा अब्राहामाने वडीलपणाचा हक्क बाजूस ठेवून पुतण्यास आधी निवड करू दिली. आरंभीच्या ख्रिस्ती मंडळीने सर्व काही सामाईक ठेवले, परंतु हनन्या व सप्पीरा यांनी शेत विकून आलेल्या रकमेतील काही भाग लपविला आणि सर्व दिल्याचे भासविले. त्यांचा दोष पैसे राखण्यात नव्हता, खोटे बोलण्यात होता. आणि एका मनुष्याने प्रभू येशूला आपल्या भावाकडून वतनाची वाटणी करून देण्याची विनंती केली, तेव्हा प्रभूने वाटणीचा पंच होण्यास नकार देऊन लोभापासून सावध राहण्यास सांगितले. धर्मगुरूनेही येथे पंच होऊ नये. परंतु पंचाची पाळीच येऊ नये असे वागा, हे सांगणे त्याचे कर्तव्य आहे.

म्हणून या मातेस आमची सूचना अशी. मुलांचा खेळ बंद पाडू नये. शनिवारी रात्री तीन ठिकाणची भावंडे एकमेकांशी हसून बोलतात, ही लहान गोष्ट नव्हे. कित्येक घरांत भावाभावांत बोलणेच उरलेले नाही. मात्र महिन्यातील एका शनिवारी पडद्यावरचे शेत मिटून, त्याच वेळी, त्याच तिघांनी आईबापांस सोबत घेऊन घरच्या शेताविषयी बोलावे. विषय तेच पाच. कारभार कोण पाहणार? घरात व शेतात कोणाची जागा कोणती? खर्चाची थैली सामाईक की वेगळी, आणि तिचा हिशेब कोण लिहिणार? विहीर खणणे, झाड तोडणे, जमीन खंडाने देणे याचा अधिकार कोणाला? आणि रोप लावणीला व सुगीला कोण किती दिवस घरी येणार?

येथे एक गोष्ट स्पष्ट सांगणे आवश्यक आहे. आपल्या भागातील ख्रिस्ती कुटुंबांस १९२५ चा भारतीय उत्तराधिकार कायदा लागू आहे. पिता मृत्युपत्र न करता वारला आणि त्यास पत्नी व मुले असली, तर त्याच्या मालमत्तेचा एक तृतीयांश त्याच्या विधवेस मिळतो व उरलेले दोन तृतीयांश मुलांत समान वाटले जाते. त्यात पुत्र व कन्या असा भेद नाही. लग्न करून दिले म्हणजे मुलीचा हिस्सा संपला, ही समजूत कायद्याला धरून नाही आणि ख्रिस्ती न्यायालाही धरून नाही. पडद्यावरच्या शेतात बहिणीचे खोपटे भावांच्या खोपट्यांशेजारी उभे आहे व थैलीत तिचा वाटा बरोबरीचा आहे. घरच्या शेतात तिला त्याहून कमी देण्याचे धाडस भावांनी करू नये. पित्याने धडधाकट असताना जाणत्या वकिलाच्या सल्ल्याने मृत्युपत्र करावे, आणि ते मुलांपासून लपवून ठेवू नये.

शेतकऱ्यांचे आश्रयदाते संत इसिदोर हे माद्रिदजवळ दुसऱ्याच्या शेतावर राबणारे गडी होते. १६२२ साली संत फ्रान्सिस झेवियर यांच्यासोबतच त्यांना संतपद देण्यात आले. त्यांच्याविषयी अशी आख्यायिका सांगतात की, सकाळी मिस्सेला जाऊन ते कामावर उशिरा येतात अशी तक्रार मालकाकडे गेली. मालक पाहावयास आला तेव्हा इसिदोरांच्या नांगराशेजारी देवदूत नांगर धरून उभे होते. एकट्या शेतकऱ्याला सोबती मिळावा, ही फार जुनी आशा आहे. या वृद्ध पित्याला देवदूतांची वाट पाहण्याची गरज पडू नये. त्याला तीन मुले आहेत, आणि मिळून शेत कसे चालवावे हे त्यांना चांगले ठाऊक आहे.

लावणीच्या दिवसांत तिघांपैकी एकजण जरी आठ दिवसांची रजा काढून घरी आला, तरी पडीक तुकड्यात पुन्हा रोप उभे राहील. दूर असलेल्यांनी मजुरीचे पैसे वेळेवर पाठवावेत व हिशेब विचारावा. हिशेब विचारणे म्हणजे अविश्वास दाखविणे नव्हे. आणि मातेने त्या पाच प्रश्नांचा कागद आजच लिहून काढावा व पुढच्या शनिवारी मुलांस वाचून दाखवावा. १५ मे हा संत इसिदोरांचा सण. पाऊस सुरू होण्यापूर्वी, त्या दिवसापर्यंत या कागदावर प्रत्येक प्रश्नापुढे उत्तर लिहिलेले असावे, एवढीच आमची या कुटुंबास व त्यासारख्या सर्व कुटुंबांस विनंती आहे. प्रभू तुमच्या घरास व शेतास आशीर्वाद देवो.