नायगमवालांची हिरवी रेषा

मृगातला तेजोमेघ मुलांना दाखवताना आपण हायगेन्सचे नाव सांगतो, मेसियेच्या यादीतला त्याचा 42 वा क्रमांक सांगतो. पुण्याच्या कावसजी दादाभाई नायगमवाला यांचे नाव मात्र क्वचितच कोणाच्या तोंडी येते. आमच्या खारीतल्या शाळांनी आणि आकाशदर्शनाचे कार्यक्रम ठेवणाऱ्या मंडळांनी हे नाव आवर्जून सांगावे, असे आमचे आग्रहाचे म्हणणे आहे.

तेजोमेघ म्हणजे नेमके काय, हा एकोणिसाव्या शतकातला मोठा वाद होता. पुरेशी मोठी दुर्बीण लावली की प्रत्येक धूसर ठिपक्यात शेवटी तारेच सापडतील, असे अनेकांना वाटत असे. 1864 मध्ये विल्यम हगिन्स यांनी कालेय तारकासमूहातल्या एका तेजोमेघाचा प्रकाश लोलकातून पाहिला. ताऱ्यांचा असतो तसा सलग वर्णपट तिथे नव्हता; अंधारात मोजक्याच तेजस्वी रेषा होत्या. म्हणजे हा तेजोमेघ तापलेला, विरळ वायू होता. यातली सर्वांत ठळक हिरवी रेषा पृथ्वीवरच्या कोणत्याही ज्ञात मूलद्रव्याशी जुळेना. मृगातल्या तेजोमेघातही तीच रेषा निघाली.

हीलियमच्या शोधामुळे प्रसिद्ध झालेल्या नॉर्मन लॉकियर यांनी यावर स्वतःचे उत्तर दिले. त्यांच्या मते तेजोमेघ म्हणजे एकमेकांवर आदळणाऱ्या अशनींचे थवे होते आणि ही हिरवी रेषा त्या दगडांतल्या मॅग्नेशियमची होती. मॅग्नेशियमच्या वर्णपटात त्याच जागेच्या अगदी जवळ एक पट्टा येतो. तो एका कडेला धारदार असतो आणि दुसऱ्या कडेला हळूहळू विरत जातो. त्या पट्ट्याची उरलेली कड म्हणजेच ही रेषा, असे लॉकियर सांगत होते.

पुण्यात तेव्हा नायगमवाला होते. त्याआधी मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात ते पदार्थविज्ञान शिकवत. 1882 मध्ये वर्णपटाच्या अभ्यासासाठी भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांनी 5,000 रुपये दिले, तेवढीच रक्कम मुंबई सरकारने घातली. पुढे नायगमवाला पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये, म्हणजे आजच्या सीओईपी या अभियांत्रिकी संस्थेत आले आणि त्याच आवारात 1888 मध्ये महाराजा तख्तसिंहजी वेधशाळा उभी राहिली. डब्लिनच्या ग्रब कंपनीची परावर्ती दुर्बीण तिथे बसली. 20 इंची आरशाची ही दुर्बीण पुढे कित्येक दशके भारतातली सर्वांत मोठी ठरली. एका भारतीयाने चालवलेली, वर्णपटाच्या अभ्यासाला वाहिलेली ही वेधशाळा त्या काळी या देशात एकमेव म्हणावी अशीच होती.

नायगमवालांनी मृगातल्या तेजोमेघाची ती रेषा तपासली आणि 1891 मध्ये रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या नियतकालिकात आपला निष्कर्ष छापला. कोणत्याही स्थितीत रेषा बारीक आणि रेखीव दिसते, ती कुठेही विरत जात नाही. म्हणून ती मॅग्नेशियमच्या पट्ट्याची कड असू शकत नाही, असे त्यांनी लिहिले. लॉकियर हे त्या क्षेत्रातले मोठे प्रस्थ आणि नायगमवालांच्या परिचयाचे. इंग्लंडला जाऊन नायगमवालांनी त्यांचा सल्लाही घेतला होता. तरी पुण्याच्या दुर्बिणीत जे दिसले तेच त्यांनी मांडले. कॅलिफोर्नियातल्या लिक वेधशाळेत जेम्स कीलर यांनी त्याच सुमाराला काटेकोर मोजमाप करून मॅग्नेशियमची कल्पना निकालात काढली, याचे श्रेय त्यांना द्यायलाच हवे. पण तो वाद मिटवणाऱ्यांत पुण्याचाही वाटा होता. रेषेचा खरा उलगडा 1927 मध्ये आयरा बोवेन यांनी केला. दोन इलेक्ट्रॉन गमावलेला ऑक्सिजन अत्यंत विरळ अवस्थेत ही रेषा देतो, आणि इतकी विरळ अवस्था त्या काळच्या प्रयोगशाळांत साधतच नव्हती. नायगमवाला 1938 पर्यंत हयात होते, म्हणजे हा उलगडा त्यांच्या हयातीतच झाला.

लॉकियर यांचे नाव महाराष्ट्रात सगळ्यांना ठाऊक आहे, ते विजयदुर्गामुळे. 1868 च्या ग्रहणात त्यांनी या किल्ल्यावरून हीलियम शोधला, असे सर्रास सांगितले जाते. ते चूक आहे. त्या वर्षी ते भारतात आलेच नव्हते. ऑक्टोबरमध्ये ग्रहणाशिवायच त्यांनी इंग्लंडमधून सूर्याच्या ज्वालांचा वर्णपट पाहिला. विजयदुर्गाला ते आले 22 जानेवारी 1898 च्या खग्रास ग्रहणासाठी, ‘मेलपोमीनी’ या युद्धनौकेच्या खलाशांना मदतीला घेऊन. त्याच दिवशी करमाळ्याजवळ जेऊरला नायगमवालांनी आपला तळ टाकून ग्रहणाचे वेध घेतले आणि त्यांचा सविस्तर अहवाल पुढे ग्रंथरूपाने प्रसिद्ध केला. विजयदुर्गाची आठवण आपण चुकीच्या सनासह जपली आणि जेऊर विसरून गेलो, याचे वाईट वाटते.

विसर पडण्याचे एक कारण उघड आहे. नायगमवाला 1912 मध्ये निवृत्त झाले आणि सरकारने वेधशाळाच बंद केली. दुर्बीण कोडाईकनालला गेली. तिथले मुख्य काम सूर्याचे, त्यामुळे रात्रीच्या या दुर्बिणीचा खरा उपयोग होईपर्यंत बरीच वर्षे गेली. एका माणसावर उभी असलेली संस्था त्याच्याबरोबरच मिटली. शिष्य तयार झाले नाहीत, परंपरा उरली नाही. पुढे पुण्यातच आयुका ही खगोलशास्त्राची संस्था 1988 मध्ये स्थापन झाली. तिच्या खगोलशास्त्रज्ञांनी इतरांसह 2017 मध्ये सुमारे 400 कोटी प्रकाशवर्षे दूर असलेला ‘सरस्वती’ हा दीर्घिकांचा महासमूह जाहीर केला, तेव्हा त्या बातमीत तख्तसिंहजी वेधशाळेची आठवण निघायला हवी होती.

खारीच्या गल्ल्यांतून आज रात्री फार थोडे तारे दिसतात. तरी जानेवारीच्या संध्याकाळी मृग पूर्वेकडून वर येतो आणि बाणाचे तीन तारे दिव्यांच्या उजेडातही ओळखता येतात. त्यांच्याखालच्या लहान ताऱ्यांच्या ओळीवर साधी द्विनेत्री रोखली, तर मधला तारा धुरकट दिसतो. तो हा 1,300 प्रकाशवर्षांहून दूरचा तेजोमेघ. गच्चीवरचे दिवे तासभर मालवले तर आणखी बरे. दहावीला लोलकातून प्रकाशाचे अपस्करण शिकवतात. त्या धड्याला नायगमवालांच्या या कामाइतके जवळचे उदाहरण मिळणार नाही. पाठ्यपुस्तक मंडळाने ते तिथे घालावे. विजयदुर्गाच्या माहितीत 1868 च्या जागी 1898 लिहावे आणि जेऊरच्या स्थानकावर नायगमवालांच्या नावाचा एक फलक लागावा.