विश्लेषण : परभणीत शांतता परतली, सलोख्यासाठी आणखी काय हवे?

डिसेंबर २०२४ मधील हिंसाचारानंतर परभणी काही दिवसांतच पूर्वपदावर आली. बाजारपेठ उघडली, जमावबंदी उठली. मात्र कोठडीतील एका मृत्यूबद्दल गुन्हा नोंदवण्याचा प्रश्न त्यानंतर अनेक महिने न्यायालयांत फिरत राहिला. शहर शांत होणे आणि समाजात सलोखा निर्माण होणे यांतील अंतर परभणीच्या अनुभवातून दिसते. ते अंतर कशामुळे पडते आणि कायदा ते कसे कमी करू शकतो, याचा आढावा.

परभणीत नेमके काय घडले?

रेल्वे स्थानकासमोरील डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या पुतळ्याजवळ असलेल्या संविधानाच्या प्रतिकृतीची १० डिसेंबर २०२४ रोजी विटंबना झाली. संशयिताला लोकांनी जागीच पकडले. तो मनोरुग्ण असल्याचे पुढे शासनाकडून सांगण्यात आले. दुसऱ्या दिवशी पुकारलेल्या बंदला हिंसक वळण लागले. दगडफेक व जाळपोळ झाली, दुकानांचे आणि वाहनांचे नुकसान झाले. त्यानंतर पोलिसांनी वस्त्यांमध्ये शिरून धरपकड केली. घरात घुसून मारहाण झाल्याच्या, महिलांनाही न सोडल्याच्या तक्रारी आल्या.

अटक झालेल्यांत ३५ वर्षांचे सोमनाथ सूर्यवंशी होते. वडार समाजातील हा तरुण कायद्याचे शिक्षण घेत होता. पोलीस कोठडीनंतर त्यांची न्यायालयीन कोठडीत रवानगी झाली आणि १५ डिसेंबरला त्यांचा मृत्यू झाला. दुसऱ्याच दिवशी आंबेडकरी चळवळीतील ज्येष्ठ कार्यकर्ते विजय वाकोडे यांचे हृदयविकाराच्या झटक्याने निधन झाले.

शासनाची भूमिका आणि चौकशीचा निष्कर्ष यांत फरक का?

छत्रपती संभाजीनगर येथे झालेल्या शवविच्छेदनाच्या प्राथमिक अहवालात अनेक जखमांमुळे बसलेला धक्का हे मृत्यूचे कारण नोंदवले गेले. नागपूर अधिवेशनात मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस यांनी मात्र सूर्यवंशी यांनी दंडाधिकाऱ्यांसमोर मारहाणीची तक्रार केली नव्हती, सीसीटीव्ही चित्रणात मारहाण दिसत नाही आणि त्यांना श्वसनाचा त्रास होता, असे सांगितले. त्याच वेळी न्यायालयीन चौकशी व १० लाख रुपयांची मदत जाहीर झाली. कुटुंबाने ही मदत नाकारली.

कायद्यानुसार झालेल्या दंडाधिकारीय चौकशीत मात्र मृत्यूला पोलीस जबाबदार असल्याचा निष्कर्ष निघाला. म्हणजे एकाच मृत्यूबद्दल सभागृहातले निवेदन एक सांगत होते आणि चौकशी अहवाल दुसरे. चौकशी पूर्ण होण्याआधीच शासनाने मारहाण झाली नसल्याचे सांगितले की पुढच्या प्रत्येक चौकशीवर संशयाची सावली पडते. मग खरी चौकशीही लोकांना खरी वाटेनाशी होते.

गुन्हा नोंदवण्यासाठी न्यायालयात का जावे लागले?

दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाल्यास गुन्हा नोंदवणे बंधनकारक आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने ललिता कुमारी खटल्यात २०१३ मध्येच स्पष्ट केले. कोठडीतील मृत्यूंसाठी तर स्वतंत्र तरतूद आहे. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम १७६ मध्ये, आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम १९६ मध्ये, अशा मृत्यूची न्यायदंडाधिकाऱ्यांमार्फत चौकशी सक्तीची केली आहे. मृताच्या नातेवाइकांना कळवून त्यांना चौकशीला हजर राहू देण्याची सोयही तिथे आहे.

परंतु अहवाल आल्यानंतर त्याचे पुढे काय करायचे, तो कोणी कोणाकडे द्यायचा आणि त्यावरून गुन्हा केव्हा नोंदवायचा, याबाबत हे कलम मौन बाळगते. सूर्यवंशी यांच्या आईच्या वतीने ॲड. प्रकाश आंबेडकर यांनी उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात नेमका हाच मुद्दा मांडला. ४ जुलै २०२५ रोजी खंडपीठाने आठवडाभरात गुन्हा नोंदवण्याचे आदेश दिले. राज्य शासन त्याविरोधात सर्वोच्च न्यायालयात गेले. ३० जुलै रोजी तिथेही शासनाची याचिका फेटाळली गेली आणि त्यानंतर गुन्हा नोंद झाला. मृत्यूपासून इथपर्यंत साडेसात महिने गेले. दोषी कोण हे अजून ठरायचेच होते. तोवर फक्त तपासाचे दार उघडले होते.

परभणीला हा अनुभव नवा आहे का?

नाही. घाटकोपर येथील बॉम्बस्फोटाच्या प्रकरणात डिसेंबर २००२ मध्ये अटक झालेला ख्वाजा युनूस हा अभियंता परभणीचाच होता. जानेवारी २००३ मध्ये औरंगाबादकडे नेताना वाहनाला अपघात झाला आणि तो पळाला, असे मुंबई पोलिसांनी सांगितले. त्याचा मृत्यू कोठडीतच झाल्याचे राज्य गुन्हे अन्वेषण विभागाच्या तपासातून पुढे आले. तपासात १४ पोलिसांवर ठपका आला, पण खटला चालवण्याची परवानगी शासनाने चौघांपुरतीच दिली. घाटकोपर प्रकरणातील त्याचे सहआरोपी २००५ मध्ये निर्दोष सुटले. दोन दशके उलटून गेली तरी पोलिसांवरचा खटला निकालापर्यंत पोहोचला नव्हता.

ही दोन्ही प्रकरणे वेगळ्या काळातली आहेत, त्यांची कारणे आणि पोलीस दलेही वेगळी. साम्य एवढेच की दोन्ही वेळी परभणीतल्या एका आईला आपल्या मुलाचे काय झाले हे विचारायला उच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. एक कुटुंब मुस्लीम, दुसरे भटक्या-विमुक्त समाजातले. आपल्यासाठी कायद्याचा रस्ता लांबचा असतो, ही भावना समाजात भाषणांमुळे तयार होत नाही. अशा अनुभवांमुळे होते.

‘माफ करा’ या आवाहनावरून वाद का झाला?

न्यायाच्या मागणीसाठी जानेवारी २०२५ मध्ये परभणीहून मुंबईकडे लाँग मार्च निघाला. तो नाशिकला पोहोचल्यावर आंदोलकांशी चर्चेसाठी गेलेले आमदार सुरेश धस यांनी पोलिसांना मोठ्या मनाने माफ करण्याच्या आशयाचे विधान केले. त्यावर टीकेची झोड उठली आणि त्यांना खुलासा करावा लागला.

या वादात एक मूलभूत प्रश्न दडला आहे. माफी ही सलोख्याची मोठी पायरी आहेच. पण माफ करायचे कोणाला आणि कशासाठी, हे ठाऊक असावे लागते. त्या वेळी ना गुन्हा नोंदला गेला होता, ना कोणी चूक कबूल केली होती. जे घडलेच नाही असे शासन सांगत होते, त्याबद्दल माफ करण्याची अपेक्षा मात्र कुटुंबाकडून होती. शिवाय माफ करण्याचा अधिकार ज्याचे नुकसान झाले त्याचा आहे. मध्यस्थ तो परस्पर वापरू शकत नाही.

महाराष्ट्राला समेटाची परंपरा नाही असे नाही. १५ ऑगस्ट २००७ पासून राबवलेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेत बांधाचे, वाटणीचे, किरकोळ मारामारीचे वाद गावातच मिटवले गेले. पण ही पद्धत चालते ती दोन्ही बाजू बरोबरीच्या असतात तेव्हा. एका बाजूला गणवेशातली यंत्रणा आणि दुसऱ्या बाजूला कोठडीतला माणूस असेल, तर तो तंटा पारावर बसून मिटणारा नसतो.

अन्यत्र काय घडले?

उत्तर आयर्लंडमधील डेरी शहरात ३० जानेवारी १९७२ रोजी नागरी हक्कांच्या मोर्चावर ब्रिटिश सैनिकांनी गोळीबार केला, त्यात त्या दिवशी १३ जण ठार झाले. काही आठवड्यांत आलेल्या विजरी अहवालाने सैनिकांना मुख्यतः दोषमुक्त केले. लोकांचा त्या अहवालावर विश्वास बसला नाही आणि दुरावा पिढीभर टिकला. १९९८ मध्ये नव्याने नेमलेल्या सॅव्हिल चौकशीचा अहवाल २०१० मध्ये आला. गोळ्या लागलेल्यांपैकी कोणापासूनही जिवाला धोका नव्हता, असे त्याने नोंदवले. त्याच दिवशी पंतप्रधान डेव्हिड कॅमेरॉन यांनी संसदेत माफी मागितली आणि डेरीच्या चौकात ते ऐकणाऱ्या गर्दीने टाळ्या वाजवल्या. शिक्षेचा प्रश्न तेव्हाही सुटला नव्हता. पण सरकारने आपल्या तोंडाने सत्य मान्य केले, याचे मोल ३८ वर्षे थांबलेल्या कुटुंबांना कळले.

आपल्याकडे भिवंडीचे उदाहरण आहे. १९७० आणि १९८४ मध्ये दंगलींत होरपळलेले हे शहर १९९२-९३ मध्ये मुंबई पेटली असताना शांत राहिले. तत्कालीन पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी उभारलेल्या मोहल्ला समित्यांना त्याचे श्रेय दिले जाते. तिथे पोलीस आणि दोन्ही समाजांचे सामान्य लोक नियमित एकत्र बसत. सणाआधी हारतुरे देऊन उरकलेल्या शांतता समितीच्या बैठकीपेक्षा हे वेगळे होते, कारण तिथे पोलिसांनाही प्रश्न विचारता येत.

आता काय करता येईल?

पहिली गरज कलम १९६ मधील पोकळी भरण्याची आहे. दंडाधिकाऱ्यांचा अहवाल ठरावीक मुदतीत कुटुंबाला मिळावा आणि त्यात प्रथमदर्शनी गुन्हा दिसला तर उच्च न्यायालयाच्या आदेशाची वाट न पाहता तो नोंदला जावा. दुसरी बाब खटल्याच्या परवानगीची. नव्या संहितेच्या कलम २१८ नुसार शासनाने १२० दिवसांत निर्णय घेतला नाही, तर परवानगी मिळाली असे मानले जाते. ही सुधारणा मोलाची आहे. मात्र १२० दिवसांच्या आत नकार आला, तर त्याची कारणे लोकांपुढे यायला हवीत. तिसरी बाब पुराव्याची. पोलीस ठाण्यांतील सीसीटीव्ही चित्रण किमान वर्षभर जपण्याचे निर्देश सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये दिले आहेत. कोठडीत मृत्यू झाल्यास ते तत्काळ पोलिसांच्या ताब्यातून काढून न्यायालयाकडे गेले, तर वाद पुष्कळ कमी होतील.

ज्या दुकानदाराची काच फुटली, ज्याची गाडी जळली, त्यालाही न्याय हवाच. दगड मारणाऱ्यावर पुराव्यानिशी कारवाई व्हावी. पण दगडफेकीचे गुन्हे लगोलग नोंदले जातात आणि कोठडीतल्या मृत्यूचा गुन्हा सर्वोच्च न्यायालयातून फिरून येतो, तेव्हा कायद्याची दोन मापे लोकांच्या डोळ्यांत भरतात. ज्या संविधानाच्या प्रतिकृतीवरून हे सारे सुरू झाले, त्यातील अनुच्छेद १४ कायद्यापुढील समानता सांगतो आणि अनुच्छेद २१ जीविताचे रक्षण. प्रतिकृतीची काच नवी बसवता येते. हे दोन अनुच्छेद वस्तीतल्या माणसाला पोलीस ठाण्यात अनुभवता आले, तरच सलोख्याची भाषा त्याला आपली वाटेल.