आठवण : सांगितलेली आणि घडलेली

स्मृतिविषयक चित्रपटांची चर्चा आपल्या साहित्याच्या वर्गांत बहुधा फ्लॅशबॅकपाशी सुरू होते आणि तिथेच संपते. फ्लॅशबॅकमागे एक गृहीत दडलेले असते : भूतकाळ कुठेतरी जसाच्या तसा ठेवलेला आहे, पडदा सारला की तो दिसतो. हॉलिस फ्रॅम्प्टन या अमेरिकन दिग्दर्शकाने १९७१ साली 'नॉस्टॅल्जिया' या ३६ मिनिटांच्या लघुपटात हे गृहीतच मोडीत काढले.

लघुपटाची रचना वरकरणी साधी आहे. विजेच्या शेगडीवर एकामागून एक छायाचित्रे ठेवली जातात आणि जळून जातात. सोबत एक आवाज छायाचित्राची हकिगत सांगतो. पण ती समोरच्या छायाचित्राची नसते, त्यानंतर येणाऱ्या छायाचित्राची असते. त्यामुळे प्रेक्षकाला मघाशी ऐकलेले आठवत समोरचे पाहावे लागते आणि त्याच वेळी पुढच्यासाठी ऐकलेले मनात साठवावे लागते. एकाकडे लक्ष द्यावे तर दुसरे निसटते. स्मृती हा इथे केवळ विषय उरत नाही. आठवणे आणि विसरणे आपल्याच बाबतीत घडू लागते.

ही निव्वळ क्लृप्ती आहे, ती पाच मिनिटांत उमगते, मग उरलेला वेळ कशासाठी, असा आक्षेप घेता येईल. मला तो पटत नाही. क्लृप्ती कळल्यानंतरही निसटणे थांबत नाही. स्मृतीचे स्वरूप ठाऊक असल्याने माणूस विसरायचा राहत नाही, ही गोष्ट सिद्धान्तातून समजते. इथे ती अनुभवाला येते.

साहित्याच्या अभ्यासकाने आणखी एका गोष्टीकडे लक्ष द्यावे. निवेदनातला 'मी' फ्रॅम्प्टन आहे. आवाज मात्र मायकेल स्नो या त्याच्या कलावंत मित्राचा. एका छायाचित्राच्या निमित्ताने हा 'मी' स्नोची क्षमा मागण्याची इच्छा व्यक्त करतो, आणि ते शब्द स्वतः स्नोच उच्चारतो. आत्मकथनातला 'मी' कोणाचा, हा प्रश्न याहून नेमकेपणाने क्वचितच मांडला गेला असेल. शेवटी ज्या छायाचित्राचे वर्णन होते, ते तर आपल्याला दिसतच नाही.

असा लघुपट आपण वर्गात कथासार सांगून उरकतो, तेव्हा हातून जाते ते नेमके हेच. कवितेचा गद्यार्थ म्हणजे कविता नव्हे, हे आपण विद्यार्थ्यांना पहिल्याच वर्षी शिकवतो. तोच न्याय पडद्यालाही लावावा. ३६ मिनिटे अंधार करावा, आणि चर्चा त्यानंतर सुरू करावी.