'धम्म' हा शब्द कोणाचा?

गेल्या पौर्णिमेस लिंबागणेश येथे उपासकांच्या सभेस जाण्याचा योग आम्हास आला. सभा आटोपल्यावर तेथील एका सुशिक्षित गृहस्थांनी आम्हास नम्रपणे, परंतु किंचित उपहासाने, विचारले की, मराठीत 'धर्म' असा शुद्ध शब्द असता तुम्ही लोक 'धम्म' हा अपभ्रष्ट आणि उसना शब्द का वापरता? प्रश्न नवा नाही. 14 ऑक्टोबर 1956 पासून तो आमच्या समाजास या ना त्या रूपाने विचारला जात आहे. तेव्हा त्याचे उत्तर वाचकांपुढे एकदा सविस्तर ठेवणे अगत्याचे वाटते.

ज्या गावी हा प्रश्न निघाला त्या गावाच्या नावातच त्याचे अर्धे उत्तर आहे. 'लिंब' हे संस्कृत 'निंब' या शब्दाचे लोकांच्या जिभेवर घडलेले रूप होय. 'न'चा 'ल' झाला, पंडितांची अनुज्ञा कोणी घेतली नाही, आणि आज गावाची पाटी 'निंबगणेश' अशी दुरुस्त करा असे कोणी म्हणत नाही. कर्माचे 'कम्म' झाले व त्याचे 'काम' झाले; चर्माचे 'चम्म' झाले व त्याचे 'चाम' झाले; सप्ताचे 'सत्त', मग 'सात'. ही मराठीची जन्मकथा आहे. 'कर्म' पोथीत राहिले आणि 'काम' राबणाऱ्याच्या वाट्यास आले, एवढाच काय तो फरक! धर्माचे 'धम्म' याच वाटेने झाले. मग सात आणि काम हे शब्द शुद्ध, आणि 'धम्म' मात्र भ्रष्ट, हा न्याय कोणता?

उसनेपणाचा आरोपही टिकत नाही. कार्ले, कान्हेरी, जुन्नर येथील लेणी वाचकांनी पाहिली असतील. तेथील प्राकृत शिलालेखांत दानासाठी 'देयधम' हा शब्द आलेला आहे. त्या काळच्या ब्राह्मी लेखनात जोडाक्षरातील द्वित्व बहुधा दाखवीत नसत. तो आपला 'धम्म'च होय. मराठवाड्यापुरते बोलावयाचे तर पितळखोऱ्याच्या स्तंभावर पैठणच्या एका गांधी, म्हणजे सुगंधी द्रव्यांच्या व्यापाऱ्याच्या, कुलातील दात्याचे नाव कोरलेले आहे. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी ज्या शब्दाने याच भूमीतील दाते आपले दान नोंदवीत होते तो शब्द बाबासाहेबांनी नागपुरास परत आणला. त्यांनी पाली शब्दकोशाचे काम हाती घेतले होते. महाराष्ट्र शासनाने प्रसिद्ध केलेल्या त्यांच्या ग्रंथमालेच्या सोळाव्या खंडात ते वाचावयास मिळते. 3 ऑक्टोबर 2024 रोजी केंद्र सरकारने मराठीस अभिजात भाषेचा दर्जा दिला, तेव्हा त्याच निर्णयात पाली व प्राकृत यांनाही तो दिला. मराठीचा आनंद सर्वत्र साजरा झाला. पालीचा उल्लेख फारच थोड्यांनी केला.

आता खऱ्या उसन्या शब्दांकडे वळू. आमचा व्यवसायच पाहा : वकील, दावा, फिर्याद, जप्ती, हुकूम, दस्तऐवज, तहसील. फारसी-अरबीने हे सारे दिले. शिवकाळात राजव्यवहारकोश रचून त्यांच्या जागी संस्कृत शब्द आणण्याचा प्रयत्न झाला, तरी कचेरीत वकीलच राहिला! मराठवाड्यात तर निजामी राजवट 17 सप्टेंबर 1948 पर्यंत होती. 1884 च्या सुमारास दरबाराची भाषा फारसीची उर्दू झाली, इतकेच. या शब्दांनी मराठी बाटली असे आम्ही मानत नाही. राज्यकर्त्यांनी दिलेला शब्द मुकाट्याने चालतो आणि बहिष्कृतांनी आणलेला शब्द खुपतो, एवढेच आमचे म्हणणे आहे.

यांपैकी 'वतन' या शब्दावर मात्र क्षणभर थांबले पाहिजे. अरबीत त्याचा अर्थ मायदेश. उर्दू कवी वतनासाठी प्राण द्यावयास निघतो. तोच शब्द मराठी गावगाड्यात शिरला आणि वंशपरंपरागत हक्क व चाकरी असा त्याचा अर्थ झाला. पाटलास वतन म्हणजे मान. महारास वतन म्हणजे तुटपुंज्या जमिनीच्या मोबदल्यात अहोरात्र राबणूक. मुंबई इलाख्यातील ही गुलामगिरी तोडण्यासाठी बाबासाहेबांनी 1928 साली विधिमंडळात विधेयक आणले. पुढे 1931 साली गांधीजींच्या भेटीत आपणास मायभूमी नाही असे ते बोलले. मायदेश या अर्थाचा शब्द ज्यांच्या वाट्यास केवळ वेठ म्हणून आला, त्यांच्या वतीने याहून निराळे काय बोलावयाचे?

शब्दांचा हा वाद केवळ पंडिती नाही. 1950 च्या राष्ट्रपतींच्या अनुसूचित जाती आदेशात 'बौद्ध' हा एक शब्द घालण्यास 1990 साल उजाडावे लागले. तोवर धर्मांतरितांच्या मुलांस केंद्राच्या सवलती नव्हत्या. चौतीस वर्षे, एका शब्दापायी!

त्याच सभेनंतर एका वृद्ध उपासकांनी पत्र्याच्या पेटीतील उर्दू कागद आमच्यापुढे ठेवले. "वकीलसाहेब, हे जाळून टाकू का? ह्यात आमचं जुनं नाव लिहिलंय, नातवाच्या नजरेला पडायला नको," असे ते म्हणाले. त्यांची भावना आम्ही पूर्ण जाणतो. तथापि आम्ही त्यांचा हात धरला. अनुसूचित जातीच्या दाखल्यासाठी 10 ऑगस्ट 1950 पूर्वीचा पुरावा मागितला जातो, आणि आदेशाच्या यादीत जातींची नावे आहेत. बौद्ध ही जात नव्हे. अनेक घरांत शाळेच्या नोंदवहीत जातीच्या रकान्यात केवळ 'बौद्ध' लिहिले गेले आहे. अशा कुटुंबाचा जुना पुरावा मराठवाड्यात पुष्कळदा उर्दू कागदांतच सापडतो. जो शब्द आपण मुखातून टाकला तो पेटीतून टाकता येत नाही, ही कायद्याची क्रूर थट्टा असेल. पण आज कायदा असा आहे.

ज्या वाचकांच्या घरी असे कागद असतील त्यांनी ते उर्दू जाणणाऱ्याकडून वाचून घ्यावेत, त्यांचे प्रमाणित भाषांतर व नकला करून ठेवाव्यात. धर्माच्या रकान्यात 'बौद्ध' हाच शब्द निःशंक लिहावा. मूळ जातीचा पुरावा निराळा जोडावा. लिंबागणेशच्या त्या उपासकांनी कागद पुन्हा पेटीत ठेवले आणि नातवास बोलावून किल्ली त्याच्या हाती दिली.