वृत्तनिवेदकाचें यश

चित्रपटांतील नटनटींचीं नांवें मुखोद्गत नाहींत असा विद्यार्थी आज विरळाच. परंतु डॉ. विश्वास मेहेंदळे कोण, असा प्रश्न आम्हीं वर्गांत केला, तेव्हां एकही हात वर झाला नाहीं. आणि हे गृहस्थ तर जानेवारी २०२१ मध्यें, वयाच्या ८१ व्या वर्षीं, आमच्याच मुलुंडांत निवर्तले!

दिनांक २ ऑक्टोबर १९७२ रोजीं मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झालें. तेथील मराठी बातम्यांचे पहिले निवेदक ते हेच. चित्र काळेंपांढरें, वाहिनी एकच. ज्याच्या घरीं संच असे, त्याच्याकडे संध्याकाळीं सारी चाळ लोटे. निवेदकास बातमींत पदरचें कांहीं घालतां येत नाहीं. निधनवार्ता सांगतांना नाटकी गहिंवर आणला तर हंसें होतें, कोरडेपणानें वाचली तर ऐकणाऱ्याचें मन दुखावतें. भलत्या शब्दावर थांबला कीं अर्थाचा अनर्थ, आणि तोही हजारों घरांत एकाच क्षणीं!

त्याच केंद्रावर स्मिता पाटील व भक्ती बर्वे ह्यांनींही बातम्या वाचल्या. पुढें अभिनयानें त्यांचीं नांवें सर्वतोमुखीं झालीं. मेहेंदळे ह्यांस तसें वलय लाभलें नाहीं. म्हणून त्यांची कारकीर्द उणी ठरते, असें जे म्हणतील त्यांच्याशीं आमचा स्पष्ट मतभेद आहे. ‘वादसंवाद’ हा कार्यक्रम त्यांनीं केला, ‘यशवंतराव ते विलासराव’ हें राज्याच्या मुख्यमंत्र्यांवरील पुस्तक लिहिलें, पुण्यास सिंबायोसिसच्या पत्रकारिता-शिक्षणाच्या संस्थेचें संचालकपद सांभाळलें. ह्या सर्वांच्या मुळाशीं एकच गुण होता: दुसऱ्यास नीट कळेल असें बोलणें.

आमच्याकडे प्रार्थनेच्या वेळीं रोज एक विद्यार्थी बातम्या वाचतो. गेल्या पावसाळ्यांत एकानें पुरांत वाहून गेलेल्यांची संख्या क्रिकेटच्या धावसंख्येच्या सुरांत वाचली, आणि मागील रांगेंत चक्क टाळी पडली! त्या मुलास आम्ही दोष देत नाहीं; कसें वाचावें हें त्यास कोणीं शिकविलेंच नव्हतें. चित्रफितींत आपला चेहरा कसा दिसतो, ह्याची मात्र त्यास पुरी जाण आहे. पालकांस आमची विनंती इतकीच कीं, रात्रीं जेवणापूर्वीं मुलाकडून वर्तमानपत्रांतील एक बातमी मोठ्यानें वाचवून घ्यावी. ऐकावयास आजी असेल तर उत्तम. कळलें नाहीं तर ती भीड न धरितां “पुन्हां वाच” म्हणून सांगेल.