थांबा, बिअर झोपलीय!

‘अगं ए, झाकण उघडू नकोस!’

दादा इतक्या जोरात ओरडला की माझ्या हातातला मोबाइल पडता पडता वाचला. स्थळ : प्रागमधल्या त्याच्या बिल्डिंगचं तळघर. वेळ : रात्री साडेदहा. समोर वीस लिटरची बादली आणि तिच्या झाकणावरच्या नळीतून येणारा आवाज... बुडूक... बुडूक.

तर झालं असं, माझा मावसभाऊ प्रागला आयटीत होता, कॉण्ट्रॅक्टवर. जानेवारीत तीन आठवडे मी त्याच्याकडे ठिय्या दिला. फ्रीलान्सर असण्याचा हा एक फायदा, रजेचा अर्ज द्यावा लागत नाही. (पगारही मिळत नाही, ते सोडा!) मला वाटलं, दादा पब दाखवेल. त्याने दाखवली बादली. चेक प्रजासत्ताकात घरच्यापुरती बिअर बनवायला कायद्याची आडकाठी नाही आणि दादाला पिल्सनरचं वेड लागलेलं.

पहिल्याच शनिवारी कामाला लागलो. साडेचार किलो माल्ट, म्हणजे मोड आणून वाळवलेली बार्ली. ती भरडून गरम पाण्यात घालायची. मग खास चेक फंडा : त्यातला साधारण एक तृतीयांश भाग काढून वेगळ्या पातेल्यात उकळायचा आणि परत मूळ पातेल्यात ओतायचा. त्याने सगळ्याचं तापमान 52 अंशांवरून 63 वर चढतं, पुन्हा केलं की 72 वर. थर्मामीटर नव्हता तेव्हाची ही युक्ती. नंतर तो गोड काढा गाळून दीड तास उकळायचा, त्यात झातेत्स भागातली हॉप्सची फुलं घालायची. (हॉप्सचा हा प्रदेश 2023 पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे.) शेवटी 10 अंशांपर्यंत गार करून यीस्ट. सकाळी नऊला सुरू केलं, संध्याकाळी पाचला कंबर धरून सोफ्यावर कोसळलो.

‘आता?’

‘आता वाट बघायची.’

‘किती?’

‘सात आठवडे.’

सात आठवडे! माझं परतीचं तिकीट तिसऱ्या आठवड्यातलं!

‘दादा, इडलीचं पीठ एका रात्रीत फुगतं रे.’

‘मे महिन्यात फुगतं. डिसेंबरात काकू पातेल्याला शाल गुंडाळते ना? हे यीस्ट उलट्या खोपडीचं आहे. त्याला थंडीच लागते.’

खरंच. एल प्रकारची बिअर 18-20 अंशांत आठवडाभरात आंबून मोकळी होते. लागरचं यीस्ट 10 अंशांच्या आसपास निवांत काम करतं, दहा-बारा दिवस. मग दोन-तीन दिवस तिला 15-16 अंशांची ऊब द्यायची. कारण आंबताना डायअॅसिटिल नावाचा एक पदार्थ तयार होतो. तो उरला तर बिअरला चक्क पॉपकॉर्नच्या बटरचा वास येतो. थोडा वेळ दिला तर यीस्ट तो स्वतःच गिळून टाकतं. त्यानंतर पाच आठवडे 1-2 अंशांत नुसतं पडून राहायचं. जर्मनमध्ये ‘लागर्न’ म्हणजे साठवून ठेवणं. नाव तिथूनच आलं.

दादाने पहिली बॅच थर्टी फर्स्टच्या पार्टीसाठी घाईघाईत गार केली होती. वीसच्या वीस लिटर बटर पॉपकॉर्न सिंकमध्ये!

दुसऱ्या आठवड्यात आम्ही रेल्वेने प्लझेनला गेलो. पिल्सनरचं माहेर. 1838 मध्ये इथल्या लोकांनी खराब बिअरची 36 पिंपं टाउन हॉलसमोर ओतून दिली, असं सांगतात. मग गावकऱ्यांनी मिळून नवी ब्रुअरी बांधली आणि बव्हेरियाहून योझेफ ग्रोल नावाचा ब्रुअर आणला. वय 29. गावचं मऊ पाणी, फिकट माल्ट, झातेत्सचे हॉप्स आणि खाली बसणारं बव्हेरियन यीस्ट. 5 ऑक्टोबर 1842 ला पहिली बॅच चढली, लोकांच्या ग्लासात पडली 11 नोव्हेंबरला. सोनेरी, लख्ख. मोजा, 37 दिवस. चिडलेलं अख्खं गाव तेवढे दिवस थांबलं.

आणि ग्रोल? तोही कॉण्ट्रॅक्टवरच होता. 1845 मध्ये कॉण्ट्रॅक्ट संपलं, वाढवलं नाही, गडी बव्हेरियाला परत.

हे ऐकून दादा गप्प झाला. परतीच्या गाडीत म्हणाला, ‘माझंही मार्चअखेर संपतंय. वाढेलसं वाटत नाही. मावशीला सांगू नकोस एवढ्यात.’

‘मग ही सात आठवड्यांची भानगड कशाला सुरू केलीस?’

‘इथे दोन वर्षं सगळं तात्पुरतं ठेवलं गं. भिंतीला एक खिळा नाही मारला. म्हटलं, एक गोष्ट तरी घाई न करता पूर्ण करू.’

मी काही बोलले नाही. पुण्यातल्या माझ्या फ्लॅटमध्येही चार वर्षांत एक खिळा नाही.

मी निघाले तेव्हा बिअर जुन्या फ्रीजमध्ये झोपली होती. मार्चच्या पहिल्या रविवारी दादाचा व्हिडिओ कॉल आला. कॉण्ट्रॅक्ट वाढलं नव्हतं. टेबलावर दोन ग्लास, शेजारी वरच्या मजल्यावरचे आजोबा. सोनेरी रंग, वर चांगला तीन बोटं फेस. आजोबांनी एक घोट घेतला, मिशी पुसली आणि ग्लास पुढे केला. आणखी हवी होती.

‘बटर?’ मी विचारलं.

‘नावालाही नाही!’

मे महिन्यात दादा पुण्यात आला. लगेच म्हणाला, ‘पुढची बॅच तुझ्या किचनमध्ये.’ म्हटलं, बॉस, महाराष्ट्रात परवान्याशिवाय घरी बिअर बनवणं गुन्हा आहे, 1949 च्या दारूबंदी कायद्याखाली. आणि इथल्या उन्हात ते यीस्ट ठार वेडं होईल.

मग आम्ही इडलीचं पीठ भिजवलं. दादा ड्रिल मशीन घेऊन आला होता. पीठ फुगेपर्यंत माझ्या भिंतीवर दोन फ्रेम लागल्या.