उधारीची वसुली आणि फौजदारीचा धाक

व्यापारात येणे थकणे ही काही आजची गोष्ट नव्हे. परंतु थकलेले येणे वसूल करण्यासाठी दिवाणी न्यायालयाची पायरी चढण्याऐवजी पोलीस ठाण्यात फसवणुकीची फिर्याद गुदरण्याची जी प्रथा आपल्या व्यापारी जगतात रूढ झाली आहे, ती एका ऋणकोवर अन्याय करते इतकेच नव्हे, तर राज्याच्या दंडशक्तीलाच धनकोच्या तगाद्याला जुंपते, असे मला स्पष्टपणे म्हणावेसे वाटते.

फसवणूक कशाला म्हणावे याविषयी कायद्यात संदिग्धता नाही. माल उचलतानाच तो बुडवण्याचा मनसुबा खरेदीदाराच्या ठायी असला पाहिजे. सौदा सचोटीने झाला आणि पुढे बाजार बसला किंवा मालाच्या प्रतीवरून तंटा उपस्थित झाला म्हणून देणे राहिले, तर तो करारभंग होय, गुन्हा नव्हे. दिवाणी वादाला फौजदारी रूप देण्याच्या या वाढत्या प्रवृत्तीची नोंद सर्वोच्च न्यायालयाने २००६ सालीच, विमानाच्या इंधनाच्या थकबाकीवरून उद्भवलेल्या इंडियन ऑइलच्या प्रकरणात घेतली होती. तरीही २०२४ च्या ऑगस्टमध्ये दिल्ली रेस क्लबच्या प्रकरणात त्याच न्यायालयाला पुन्हा मुळाक्षरांपासून आरंभ करावा लागला. घोड्यांच्या दाण्याचे पैसे थकले म्हणून पुरवठादाराने उत्तर प्रदेशात फिर्याद केली, दंडाधिकाऱ्यांनी विश्वासघाताच्या कलमाखाली समन्स काढले आणि उच्च न्यायालयानेही ते कायम ठेवले. विक्री झाल्यावर मालाची मालकी खरेदीदाराची होते, त्याच्याकडे विश्वासाने सोपवलेली वस्तू अशी काही उरतच नाही, मग विश्वासघात कसला, ही साधी गोष्ट सांगण्यासाठी प्रकरण देशाच्या सर्वोच्च न्यायपीठापर्यंत जावे, हे खेदजनक आहे.

फौजदारीचे आकर्षण शिक्षेत नाही, धाकात आहे. सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत सरसकट अटक करू नये असे न्यायालयाने २०१४ साली बजावले खरे. पण चौकशीची नोटीस, ठाण्यातील ताटकळणे, अटकपूर्व जामिनासाठी होणारी धावपळ आणि पेठेत गेलेली पत एवढ्यानेच लहान कारखानदार खचतो आणि ज्या रकमेविषयी त्याची प्रामाणिक हरकत आहे तीही भरून तडजोडीच्या कागदावर सही करतो. पैसे पदरात पडले की फिर्यादीचा रस संपतो आणि संमतीने गुन्हा रद्द करून घेण्यासाठी उभय पक्ष उच्च न्यायालयात हजर होतात. वसुलीखेरीज त्या फिर्यादीला दुसरा हेतूच नव्हता, याला याहून सबळ पुरावा कोणता हवा?

धनकोची व्यथा मात्र खोटी नाही. भिवंडी-इचलकरंजीच्या यंत्रमागधारकाने दावा लावला, तर हुकूमनामा हाती येईपर्यंत वर्षे लोटतात आणि त्यानंतर दरखास्तीचा दुसरा वनवास सुरू होतो. सूक्ष्म व लघु उद्योगांचे देणे जास्तीत जास्त ४५ दिवसांत चुकवावे, अन्यथा बँकदराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज द्यावे, असा कायदा २००६ पासून आहे; पण मोठे गिऱ्हाईक तुटेल या भयाने लहान पुरवठादार त्याचा आश्रयच घेत नाही. शिवाय खरे ठकही आहेत: नाशिक भागातील द्राक्षबागायतदारांचा माल उचलून, धनादेश देऊन, हंगाम संपताच परागंदा होणाऱ्या व्यापाऱ्याला फौजदारीचाच बडगा हवा. पण प्रत्येक थकबाकीदाराला त्याच पंक्तीत बसवल्याने अशा ठकांच्या मागे लागण्यास पोलिसांना सवडच उरत नाही.

व्यापारी व्यवहारांतील तक्रारीत गुन्हा नोंदवण्यापूर्वी प्राथमिक चौकशी करण्याची मुभा सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली दिलेली आहे. मुळात पैसे बुडवण्याचा हेतू होता काय, हा एकच प्रश्न त्या चौकशीत ठाणे अंमलदाराने कसोशीने विचारावा. निराधार फिर्याद करणाऱ्याकडून आरोपीला भरपाई देवविण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्यांनी निःसंकोच वापरावा. आणि शासनाने वाणिज्य न्यायालयांना पुरेसे न्यायाधीश व कर्मचारी द्यावेत, कारण दिवाणी न्याय वेळेवर मिळेल असा भरवसा वाटेपर्यंत व्यापारी पोलीस ठाण्याचीच वाट धरणार.